साखर गेली कुठं?

तासगाव तालुक्यात एक द्राक्षबागायतदार होते. गाव त्यांना आबा म्हणायचं. गळ्यात तुळशीची माळ आणि शर्टाच्या खिशात कायम एक वीतभर नळी. तिला दुकानदार रिफ्रॅक्टोमीटर म्हणत, आबा नुसतं ‘मीटर’. मणी चुरडून रसाचा थेंब काचेवर टाकायचा, झाकण मिटायचं, उजेडाकडं धरून डोळा लावायचा. निळी-पांढरी रेघ जिथं थांबेल ती गोडी. व्यापारी ‘माल अजून कच्चा हाय’ म्हणू लागला की आबा वाद घालत नसत, नळी पुढं करत. खायच्या द्राक्षाला १८ पाहिजे. बेदाण्याला २२ च्या वर गेली तर उत्तम, कारण चार किलो द्राक्षं वाळवून एक किलो बेदाणा हाती येतो आणि त्याचं वजन म्हणजे मुख्यतः साखरच.

फवारणीच्या औषधातही त्यांचा हाच खाक्या. दुकानदार नवा रंगीत डबा काढून त्याच्यावरचा टपोरा घड दाखवायचा आणि आबा डबा उलटा करून मागची बारीक अक्षरं वाचायचे. घटक कोणता, किती टक्के. मॅन्कोझेब ७५ टक्के म्हणजे मॅन्कोझेब ७५ टक्के, डबा कुठल्या का कंपनीचा असेना. ‘चित्र फवारायचं नसतंय,’ एवढं एकच वाक्य थोरल्या मुलानं लहानपणापासून हजारदा ऐकलं असेल.

असा हा मापाचा माणूस एका गोष्टीत मात्र माप मानत नसे. दारू प्यालेल्या माणसानं बागेत पाय ठेवायचा नाही. किती प्याला, केव्हा प्याला, हा प्रश्नच नाही.

आबांच्या फवारणीच्या ब्लोअरवर एक जुना गडी होता. त्याला लहानथोर सगळे मामा म्हणत. दोन ओळींमधून ट्रॅक्टर असा काढायचा की पान दोन्ही अंगांनी भिजावं आणि थेंब ओघळू नये. २०२२ च्या ऑक्टोबरात फळछाटणी झाली होती, डोळे फुटून पोंगे बाहेर आले होते, आणि मध्यरात्री पाऊस झाला. त्या दिवसांतला पाऊस म्हणजे दावण्या रोगाला आवतण. पहाटे औषध बसलं नाही तर कोवळे घड कुजून गळतात, वर्षाचं पीक आठवड्यात जातं. पाचला मामा शेडमध्ये आला तेव्हा आबा द्रावण ढवळत होते. वास आला.

‘घेतलीस?’

‘रातच्याला नवाला, आबा. नाइंटीच.’

आबांनी हात पुढं केला. किल्ली मागितली.

‘मला काय झालंय? सरळ चालून दावू?’

आबांनी राहिलेली मजुरी मोजून दिली. त्या दिवशी ब्लोअर थोरल्यानं हाकला. गावात आबांचा शब्द आणखी वजनदार झाला. मामाच्या घरात काय झालं ते कुणी विचारलं नाही, विचारायची पद्धतही नव्हती.

आबांचा धाकटा मुलगा वरच्या अंगाला, सातारा जिल्ह्यात. पाचगणीच्या पुढं भिलारला त्यानं स्ट्रॉबेरीचं शेत भाड्यानं घेऊन पाहुण्यांसाठी चार खोल्या बांधल्या होत्या. भिलार २०१७ पासून पुस्तकांचं गाव झालेलं, त्यामुळं पुण्या-मुंबईची माणसं पुस्तकं चाळायला येत आणि संध्याकाळी दुसरं काहीतरी मागत. धाकटा बोलका. २०२२ मध्येच, २७ जानेवारीला, राज्य मंत्रिमंडळानं मोठ्या किराणा दुकानांत वाइन विकायला परवानगी द्यायचं ठरवलं तेव्हा गावच्या पारावर तो शेतकऱ्याच्या बाजूनं हिरिरीनं भांडला होता. वाइन म्हणजे दारू नव्हे, हे मुंबईतून आलेलं वाक्य त्यानं जसंच्या तसं उचललं. दुसरीकडं साताऱ्यात व्यसनमुक्त युवक संघाचे वारकरी रस्त्यावर उतरले होते. तो निर्णय पुढं बारगळला, वाक्य मात्र शिल्लक राहिलं.

आबा त्या वादात पडले नव्हते. एक तर तासगावची द्राक्षं बहुतेक खायची नाहीतर बेदाण्याची. वाइनची जात वेगळी. दुसरं म्हणजे त्यांचे हात पोळलेले. राज्यानं २००१ मध्ये द्राक्ष प्रक्रिया धोरण आणलं, पलूसला औद्योगिक महामंडळानं कृष्णा व्हॅली वाइन पार्क आखलं, तेव्हा आबांनी अर्ध्या एकरात वाइनची वेल लावली होती. प्यायची नाही पण विकायची, यात त्यांना त्या वेळी काही वावगं वाटलं नव्हतं. (माळकरी बागायतदाराच्या मनात असे दोन कप्पे असतात. साखर कारखान्याच्या मळीचं पुढं काय होतं, हे ऊसवाला माळकरी तरी कुठं विचारतो?) २००८-०९ च्या मंदीत वाइनचे कारखाने अडचणीत आले, राज्यात ठिकठिकाणी त्या वेली उपटल्या गेल्या, आबांनीही उपटल्या.

तर २०२२ च्या ३१ डिसेंबरला धाकट्यानं सगळ्यांना भिलारला बोलावलं. थोरला, थोरली सून, नऊ वर्षांची नात आणि आबा. तासगावहून कराड, मग सातारा. साताऱ्यात पेढे घ्यायला गाडी थांबली तर नाक्यावर अंधश्रद्धा निर्मूलन समितीचे कार्यकर्ते ‘द दारूचा नव्हे, द दुधाचा’ म्हणत येणाऱ्या-जाणाऱ्याला दूध देत होते. सगळ्यांनी एकेक पेला घेतला. थोरल्यानं दोन घेतले आणि वाईहून पसरणीचा घाट चढून संध्याकाळी गाडी भिलारला लागली.

अंगणात दिवे, मंद गाणी, वीस-बावीस माणसं. धाकट्यानं एका रात्रीचा परवाना काढून भिंतीवर लावला होता. एका टेबलावर बर्फात रोवलेल्या स्पार्कलिंग वाइनच्या बाटल्या. दुसऱ्यावर तोटी बसवलेली काचेची मोठी बरणी, आत लालसर रस आणि त्यात तरंगणाऱ्या स्ट्रॉबेऱ्या, संत्र्याच्या फोडी, द्राक्षांची अर्धुकं. फार देखणं दिसत होतं ते, खोटं कशाला बोला.

‘यात काय नाही ना, भाऊजी?’ थोरल्या सुनेनं विचारलं.

‘नावाला, वहिनी. फ्रूट कॉकटेल आहे. बायकांसाठी म्हणून हलकं ठेवलंय.’

थोरली सून जन्मात प्यालेली नव्हती. गोड लागलं, तहान लागली होती, तिनं दोन ग्लास घेतले. थोरल्यानं बाटलीतली घेतली, तीही दोन ग्लास, उंच दांड्याच्या पेल्यातून. आबा बाजूच्या खुर्चीत शाल पांघरून बसले होते. धाकटा त्यांच्याजवळ येऊन म्हणाला, ‘आबा, ही दारू नव्हे बरं का. द्राक्षंच आहेत, आपल्यासारख्याच एखाद्या शेतकऱ्याची.’

आबा म्हणाले, ‘मी कुठं काय म्हणलो?’

आणि तिथं ते थांबलंही असतं. पण नातीनं बरणीतली स्ट्रॉबेरी काट्यानं काढून तोंडात घातली आणि थू करून टाकली. ‘आबा, ही तिखट लागतीय.’

फळ दुपारपासून त्या रसात पडलेलं. आबांनी ते हातात घेऊन हुंगलं. शेडमध्ये पहाटे आला होता त्याच जातीचा वास, फक्त वर स्ट्रॉबेरीचा.

त्या पाहुण्यांत धाकट्या सुनेची मावसबहीण होती, नाशिककडच्या एका वायनरीत काम करणारी. ती रसायनशास्त्र शिकलेली, कामाचा अभिमान असलेली पोरगी. आबांनी तिला जवळ बोलावलं. रागानं नव्हे. इतकी वर्षं द्राक्ष पिकवून एक प्रश्न त्यांनी कधी विचारलाच नव्हता, तो आता विचारला.

‘पोरी, हे द्राक्ष तुम्ही किती गोडीला तोडता?’

‘स्पार्कलिंगसाठी लवकर, आबा. १८-१९ ला.’

‘म्हंजे आमच्या खायच्या द्राक्षाएवढं. मग ही पोरं म्हणत्यात आंबट-तुरट लागतंय. साखर गेली कुठं?’

पोरगी हसली. तिला असं गिऱ्हाईक कधी भेटलं नसावं. तिनं खुर्ची ओढली आणि सांगू लागली. रसात यीस्ट सोडतात, ते साखर खातं. साखरेच्या वजनाचा जवळजवळ निम्मा भाग वायू होऊन उडून जातो, उरलेल्याचं अल्कोहोल होतं. लिटरमागं साधारण १७ ग्रॅम साखर संपली की एक टक्का. आबांचे ओठ हलले. १८ ची गोडी म्हणजे लिटरला १८० ग्रॅम, भागिले १७.

‘साडेधा,’ ते म्हणाले.

‘बरोबर. साडेदहा-अकरा. ती झाली साधी वाइन. मग ती बाटलीत भरताना लिटरला आणखी २४ ग्रॅम साखर आणि यीस्ट घालायचं आणि बूच घट्ट करायचं. आता वायूला बाहेर पडायला वाट नाही. तो तिथंच विरघळतो. आत सहा वातावरणांचा दाब होतो, मोटारीच्या चाकात असतो त्याच्या दुप्पट-तिप्पट, म्हणून तर ही बाटली एवढी जाड असते. महिनोन्महिने ठेवायची, मग उलटी करून हळूहळू फिरवत गाळ मानेशी आणायचा, मान गोठवायची, बूच काढलं की गोठलेला गाळ फटकन उडतो.’

हे सांगताना तिचे डोळे चमकत होते. नारायणगावात शामराव चौगुल्यांनी १९८० च्या दशकात फ्रेंच तज्ज्ञ आणून ही विद्या कशी उभी केली, तेही तिनं सांगितलं. आबा ऐकत राहिले, कारण कारागिरी ती कारागिरीच. पण आकडा त्यांनी सोडला नव्हता.

‘२४ भागिले १७. म्हंजे वर आणखी दीडेक टक्का.’

‘हो. एकूण बारा.’

आबांनी खिशातली नळी काढली. थोरल्याच्या पेल्यातला एक थेंब काचेवर टाकला, दिव्याकडं धरला. ‘सहा-सात दावतंय की. एवढी गोडी हाय अजून?’

‘नाही, आबा. ती गोडी नव्हे. हा मीटर पाण्यातल्या साखरेसाठी बनवलाय. अल्कोहोल मिसळलं की त्याचा हिशेब बिघडतो. इथं त्याचं ऐकू नका.’

आबांना ते लागलं. व्यापाऱ्यापुढं कधी खोटं न ठरलेली नळी त्यांनी पुसून खिशात ठेवली. मग बर्फातली बाटली काढली, उलटी केली आणि चष्मा वर सरकवून मागची अक्षरं वाचली. १२ टक्के. खाली वैधानिक इशारा, मद्य पिऊन वाहन चालवू नका. शेजारच्या टेबलावरची व्होडकाची रिकामी बाटली उचलली. ४२.८ टक्के.

‘ही कुठं वापरली?’

धाकट्यानं बरणीकडं पाहिलं. ‘एकच टाकलीय, आबा. आणि दोन बाटल्या स्पार्कलिंग. दोन लिटर संत्र्याचा रस आहे की त्यात.’

आबांनी नातीच्या पिशवीतून खोकल्याच्या औषधाचं टोपण मागवलं, मिलीच्या खुणा असलेलं. पाण्याचा तांब्या आणि तीन रिकामे ग्लास. माणसं गंमत म्हणून भोवती जमली. एखाद्याला वाटलं असेल, म्हातारा जादू दाखवतोय.

‘नाइंटी म्हंजे किती?’ त्यांनी थोरल्याला विचारलं.

‘नव्वद मिली.’

‘देशीच्या बाटलीवर टक्का काय असतोय?’

थोरल्याला माहीत होतं. ‘हाच. ४२.८.’

पोरीनं मोबाइलवर हिशेब केला, साडेअडतीस मिली. आबांनी टोपणानं मोजून तेवढं पाणी पहिल्या ग्लासात ओतलं. ‘हे मामाचं.’

मग दीडशे मिलीचा एक पेला, बारा टक्के, अठरा मिली. दोन पेले, छत्तीस. दुसऱ्या ग्लासात. ‘हे तुझं.’

बरणीचा हिशेब जरा लांबला. व्होडकातले ३२१ मिली, वाइनच्या दोन बाटल्यांतले ९० आणि ९०, मिळून पाचशे एक. एकूण रस सव्वाचार लिटर. पावणेबारा टक्के. ज्याला हलकं म्हटलं ते बरणीतलं पाणी वाइनइतकंच जड निघालं. दोनशे मिलीचे दोन ग्लास म्हणजे सत्तेचाळीस मिली. तिसऱ्या ग्लासात. या वेळी कुणाचं ते आबा बोलले नाहीत.

तिन्ही ग्लास ओळीनं मांडलेले. तिसऱ्यातलं पाणी सगळ्यात वर.

थोरली सून भिंतीला टेकून बसली होती. चेहरा लाल, हात गार. ‘मला कुणी सांगितलंच नाही,’ एवढंच ती म्हणाली. पोरीनं तिला पाणी दिलं, शेजारी बसली. बाईच्या अंगात पाण्याचा वाटा कमी असतो, तेवढीच घेतली तरी रक्तातलं प्रमाण पुरुषापेक्षा वर जातं. गोडव्यानं जिभेला चाहूल लागत नाही. आणि बुडबुडे असले की दारू पोटातून आतड्यात लवकर उतरते. हे ती अगदी हळू आवाजात सांगत होती, पण सगळे गप्प असल्यामुळं सगळ्यांना ऐकू गेलं.

धाकटा चिडला. ‘तू वायनरीत काम करतेस आणि असं बोलतेस?’

‘वाइन विकते मी,’ ती म्हणाली. ‘व्हिस्कीच्या तीसच्या एका पेगात पावणेतेरा मिली अल्कोहोल असतं आणि ह्या एका पेल्यात अठरा. अख्ख्या बाटलीत सात छोटे पेग. हे आमच्या प्रत्येक कामगाराला पाठ असतं. गिऱ्हाइकाला ते कळलं तर वाईट काय?’

कायद्याचा मात्र इथं घोळ आहे, तो मान्य केला पाहिजे. महाराष्ट्रात बिअर आणि वाइनला वय २१, इतर मद्याला २५. तरुण पोरांनी त्यावरून वाइन कमी दारू आहे असा अर्थ काढला तर त्यांना एकट्यांना दोष कसा द्यायचा? पेल्याचा आकार कायद्यात लिहिलेला नसतो.

अकरा वाजले. सकाळी सातला मागास छाटणीच्या प्लॉटमध्ये घड जी.ए. या संजीवकात बुडवायला बायकांची टोळी येणार होती, म्हणून रात्रीच निघायचं ठरलं होतं. थोरल्यानं किल्ली काढली.

आबांनी हात पुढं केला.

‘आबा, मला काय झालंय? सरळ चालून दाखवू?’

म्हणून झाल्यावर त्याचं त्यालाच ऐकू आलं. ऑक्टोबरात शेडमध्ये तोही उभा होता. त्यानं किल्ली दिली.

पोरीनं मग तेही सांगितलं, कारण आबांनी विचारलं. रक्तात शंभर मिलीला ३० मिलीग्रॅम ही मोटार वाहन कायद्याची हद्द. सत्तर किलोच्या माणसानं रिकाम्या पोटी छत्तीस मिली घेतलं तर आकडा साठीच्या आसपास जाऊ शकतो. यकृत तासाला आठ-दहा मिलीच निकालात काढतं. कॉफी, लिंबू, गार पाणी यांनी त्याला घाई होत नाही. छत्तीस मिलीला चार तास धरा.

‘आणि साडेअडतीसाला?’ आबांनी विचारलं.

‘तेवढेच. चार, साडेचार.’

आबा बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, ‘रात्री नवाला नाइंटी घेतली, तर पहाटे पाचला माणसाच्या तोंडाला एवढा वास यील?’

पोरीनं मान हलवली. ‘तेवढीच घेतली असेल, तर नाही यायचा.’

सगळे त्या रात्री भिलारला झोपले. टोळी बागेत येऊन बसली, तिला बसल्या दिवसाची मजुरी द्यावी लागली, बुडवणी एक दिवस मागं पडली. थोरल्याला आबांनी आठ दिवस ब्लोअरला आणि जी.ए.च्या मापाला हात लावू दिला नाही. दहा पीपीएम म्हणजे शंभर लिटरला एक ग्रॅम. तिथं हात थरथरून चालत नाही. शेजारच्या बागायतदाराचा माणूस रोजानं आणला. गावानं कारण विचारलं तेव्हा आबांनी खरं कारण सांगितलं. हे थोरल्याला सगळ्यात जड गेलं, आणि जायलाच हवं होतं.

भिलारहून परतल्यावर दुसऱ्याच दिवशी आबा मामाच्या दारात गेले. मामा खाटेवर बसला होता, उठला नाही. मामी बेदाण्याच्या शेडवर प्रतवारीला जायची, ती नुकतीच निघत होती.

‘त्या दिवशी रात्री घेतली नव्हतीस तू,’ आबा म्हणाले.

मामा काही बोलला नाही. मामीनं पदर खोचला. ‘पहाटं घेत्यात. उठल्यावर हात थरथरत्यात म्हणून. तीन वर्सं झाली. तुमाला रातची सांगितली, कारण रातची सगळी घेत्यात, तिची लाज न्हाई.’

‘मला सांगायचं व्हतंस, बाई.’

‘सांगून काय झालं असतं, आबा? तुमी काम काढून घेतलं, बाटली कुठं काढली? काम व्हतं तवा निदान दिवसा तरी शुद्धीत असायचे.’

ग्लासात मोजलेलं पाणी थोरल्याचं आणि मामाचं जवळजवळ सारखंच होतं. पण एकाला ती संध्याकाळची हौस होती आणि दुसऱ्याला ती मिळाल्याशिवाय किल्ली हातात धरता येत नव्हती. टोपणावर या फरकाची खूण नव्हती. आबांच्या हे लक्षात आलं असावं, कारण त्यांनी मामाला परत ये असं लगेच म्हटलं नाही. मामीनंच अट घातली. कामावर घ्यायच्या आधी साताऱ्याला न्या. तिथं डॉ. नरेंद्र दाभोलकरांनी उभं केलेलं परिवर्तन हे व्यसनमुक्ती केंद्र आहे, हे तिला शेडवरच्या बायकांकडून कळलं होतं. पहाटे प्यायची सवय असलेल्यानं एकाएकी सोडली तर फिट येऊ शकते, जिवावरही बेतू शकतं, म्हणून हे घरी करायचं काम नव्हे, डॉक्टरांच्या देखरेखीत करायचं. गाडी थोरल्यानं चालवली. त्याच आठवड्यात पेपरात बातमी होती: दारूचं कोणतंही प्रमाण आरोग्याला सुरक्षित नाही, असं जागतिक आरोग्य संघटनेच्या युरोप कार्यालयानं ४ जानेवारी २०२३ ला जाहीर केलं. आबांनी ती दोनदा वाचली आणि घडी घालून फवारणीच्या वहीत ठेवली.

धाकट्यानं पुढं टेबलावर एक पाटी लावली, पेल्याला किती मिली आणि पेगाला किती. दोन-तीन गिऱ्हाइकं म्हणाली, मूड घालवता राव. एका बाईनं पाटीचा फोटो काढून नेला. बरण्या आता दोन असतात आणि दुसरीत दारूचा थेंब नसतो. थोरल्या सुनेनं आल्यावर आधी पाटी वाचली आणि मगच ग्लास भरला.

आबांनी श्वास तपासायचं छोटं यंत्र विकत आणलं. शेडमध्ये वहीशेजारी खिळ्याला टांगलं. किल्लीला हात लावणाऱ्यानं आधी फुंकायचं आणि आकडा वहीत लिहायचा. पहिलं थोरल्यानं, मग बाकीच्यांनी. मामा एप्रिलच्या खरडछाटणीला परत आला होता. मधे दोनदा घसरला, दोनदा मामी त्याला साताऱ्याला घेऊन गेली, दोन्ही वेळा वहीत त्याच्या नावापुढं ‘रजा’ असं लिहिलं गेलं.

पुढच्या ऑक्टोबरातली गोष्ट. थोरल्याचा आणि मामाचा, दोन्ही आकडे शून्य आले होते, द्रावण तयार होतं. मामा किल्ली हातात घेऊन थांबला.

‘आबा, द्रावण तुमी ढवळताय. तुमी कुठं फुंकलं?’

थोरला खाली बघून हसला. आबाही हसले. माळ सावरली, यंत्र तोंडाला लावलं, फुंकलं. आकडा शून्य नव्हता.

थोरला ट्रॅक्टरच्या मागं गेला. मामाला कुठं बघावं कळेना. मामी भाकरी घेऊन आली होती, तिनं मात्र सरळ विचारलं, ‘आबा, आता काय घेऊन आलाय?’

काय घेऊन येणार? न्याहारी करून, नेहमीचं चार चमचे द्राक्षासव. पचनाला. वैद्यांनी सांगितलं तेव्हापासून रोज. नात धावत जाऊन बाटली घेऊन आली. मामीनं ती आबांच्या आधी घेतली, उलटी केली आणि बारीक अक्षरांवर बोट ठेवलं. ‘ह्यांना असलं काय देऊ नका म्हणून साताऱ्यातच सांगितलंय. मला वाचाया येतंय आता.’

मनुका, गूळ, धायटीची फुलं, लवंग, दालचिनी आणि मग स्वयंजनित अल्कोहोल. आबांनी चष्मा वर केला, वाचलं, परत वाचलं. गूळ आणि मनुकांची साखर होती, धायटीच्या फुलांनी आंबवण झाली होती. कुठं गेली ते विचारायची गरज नव्हती.

नाशिकच्या पोरीला फोन लावला. ती म्हणाली, ते तोंडातलं आहे, चूळ भरा आणि पंधरा मिनिटांनी परत फुंका. आबांनी तोवर हिशेब केला: वीस मिली, आठ टक्के धरले तर एक पूर्णांक सहा. पंधरा मिनिटं ते पाण्याच्या टाकीच्या कठड्यावर घड्याळ बघत बसले. परत फुंकलं, शून्य.

ते वहीत शून्य लिहायला लागले तेव्हा मामा म्हणाला, ‘दोन्ही आकडं लिवा, आबा.’

आबांनी दोन्ही लिहिले, वेळ टाकली, सही केली.

‘मग आता सोडणार का आसव?’ मामीनं विचारलं.

‘वैद्यांना इचारतो,’ आबा म्हणाले. ‘तोवर फवारणीच्या दिवशी बंद.’